ले ग्विन, अर्सुला क्रोबर

(२१ ऑक्टोबर १९२९ – २२ जानेवारी २०१८). अमेरिकन कादंबरीकार, कथाकार, निबंधकार आणि कवयित्री. विज्ञानकथा आणि फँटसी या दोन्ही प्रांतांत त्यांनी पहिल्या प्रतीचे लेखन केले. स्वतः उभ्या केलेल्या काल्पनिक जगांकडे वर्षानुवर्षांनी परत जाऊन, त्यांत आपले काय चुकले हे वाचकांसमोर तपासण्याची त्यांची तयारी होती. त्यांचे मोठेपण मुख्यतः त्यातच आहे.

जन्म कॅलिफोर्नियातील बर्कली येथे. वडील आल्फ्रेड क्रोबर हे तेथील विद्यापीठात मानववंशशास्त्राचे प्राध्यापक. अर्सुला यांच्या नावातील ‘के.’ हे आद्याक्षर क्रोबर या माहेरच्या आडनावाचे. कॅलिफोर्नियातील ‘याही’ नावाच्या मूलनिवासी जमातीतील एकटाच उरलेला इशी १९११ मध्ये रानातून बाहेर आला, तेव्हा त्याची भाषा आणि जीवनपद्धती नोंदवून ठेवणाऱ्यांत आल्फ्रेड क्रोबर होते. इशी १९१६ मध्ये क्षयाने वारला. पुढे आई थिओडोरा यांनी त्याचे चरित्र लिहिले, ते १९६१ मध्ये प्रसिद्ध झाले आणि खूप गाजले. अर्सुला यांचा जन्म इशीच्या मृत्यूनंतरचा. तरीही परक्या लोकांत एकट्याने जाऊन पोहोचलेला माणूस त्यांच्या कादंबऱ्यांत पुनःपुन्हा भेटतो. ‘रोकॅनन्स वर्ल्ड’ (१९६६) या पहिल्याच कादंबरीचा नायक मानववंशशास्त्रज्ञ आहे. अंतराळयानांपेक्षा नातेसंबंध, चालीरीती, घरे आणि सण यांकडे त्यांचे लक्ष अधिक असे. हा वारसा घरातूनच आला, यात शंका नाही.

रॅडक्लिफ महाविद्यालयातून पदवी (१९५१) आणि कोलंबिया विद्यापीठातून फ्रेंच व इटालियन साहित्यात एम. ए. (१९५२) झाल्यावर फुलब्राइट शिष्यवृत्ती मिळवून त्या १९५३ मध्ये बोटीने फ्रान्सला निघाल्या. बोटीवर इतिहासाचे अभ्यासक चार्ल्स ले ग्विन भेटले आणि त्याच वर्षी पॅरिसमध्ये दोघांचे लग्न झाले. पुढे हे कुटुंब ऑरेगनमधील पोर्टलंड येथे कायमचे स्थायिक झाले. तीन मुलांचा संसार सांभाळून, मुले झोपल्यावर रात्री त्या लिहीत.

‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ (१९६८) हे बर्कलीतील एका लहान प्रकाशनसंस्थेच्या मागणीवरून किशोरांसाठी लिहिलेले पुस्तक. अर्थसी या बेटाबेटांच्या जगातील शेळ्या राखणारा गेड जादूचे शिक्षण घ्यायला जातो आणि गर्वाच्या भरात एक काळी छाया मोकळी सोडतो. आधी ती त्याच्या मागे लागते, मग तोच तिचा पाठलाग करतो आणि शेवटी तिला स्वतःच्याच नावाने हाक मारतो. शत्रूला ठार न करता संपणारी ही साहसकथा आजही ताजी वाटते. गेड तांबूस-तपकिरी वर्णाचा आहे आणि गोरे लोक या जगात हल्लेखोर म्हणून येतात. ही निवड ले ग्विन यांनी जाणूनबुजून केली होती. २००४ च्या दूरचित्रवाणी मालिकेने गेडला गोरा केले, तेव्हा त्यांनी जाहीर लेख लिहून निषेध केला.

‘द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस’ (१९६९) या कादंबरीला ह्यूगो आणि नेब्युला हे विज्ञानकथेचे दोन्ही मानाचे पुरस्कार मिळाले. गेथेन या गोठलेल्या ग्रहावर माणसे कायमची स्त्री किंवा पुरुष नसतात. महिन्यातील काही दिवसच त्यांच्यात लिंगभेद प्रकटतो; एकच व्यक्ती कोणाची आई, तर कोणाचा बाप असू शकते. पृथ्वीवरून आलेला दूत गेन्ली आय आणि पदच्युत मंत्री एस्त्राव्हेन हे दोघे हिमपठार ओलांडतात तो भाग कादंबरीचा गाभा आहे. तंबूतील ऊब, मोजून घेतलेले अन्न, थकवा आणि हळूहळू गळून पडणारा संशय यांचे असे वर्णन विज्ञानकथेत क्वचितच सापडते.

गेथेनवरील सर्व माणसांसाठी लेखिकेने पुल्लिंगी सर्वनाम वापरले, त्यावर स्त्रीवादी समीक्षकांनी टीका केली. १९७६ च्या निबंधात ले ग्विन यांनी आपली बाजू मांडली. पण पुढे मत बदलल्यावर त्यांनी जुना मजकूर तसाच ठेवून त्याला नव्या टिपा जोडल्या आणि बदललेले विचार उघड केले. गेथेनवरच्याच एका जुन्या कथेत तर त्यांनी १९७५ मध्येच ‘तो’च्या जागी ‘ती’ आणली होती.

अर्थसीच्या पुस्तकमालिकेबाबत त्यांनी याहून धाडसाचे पाऊल उचलले. पहिल्या तीन भागांत जादूची शाळा फक्त मुलग्यांची होती आणि बायकांच्या जादूला कमी लेखले जाई. तिसऱ्या भागानंतर १८ वर्षांनी आलेल्या ‘तेहानू’त (१९९०) मध्यमवयीन विधवा तेनार केंद्रस्थानी आहे. आपल्याच माणसांनी आगीत ढकललेल्या एका मुलीला ती सांभाळते. गेड सारी शक्ती गमावून परततो आणि पुन्हा शेळ्या राखतो. सूत कातणे, स्वयंपाक, भांडी यांनाही येथे राजकारणाइतकीच जागा आहे. पराक्रमाची वाट पाहणारे काही वाचक नाराज झाले. प्रस्तुत नोंदकाराच्या मते मालिकेतील सर्वांत परिपक्व पुस्तक हेच.

‘द डिस्पझेस्ड’ (१९७४) मध्ये मालमत्ता व सरकार नाकारणारा समाज आहे. तो आदर्श म्हणून मांडलेला नाही. तेथेही हळूहळू नोकरशाही आणि लोकलाजेची दडपणे वाढतात.

पोलिश लेखक स्तानिस्लाव लेम यांचे मानद सदस्यत्व अमेरिकन विज्ञानकथा लेखकांच्या संघटनेने काढून घेतले, तेव्हा ले ग्विन यांनी आपली कथा नेब्युलाच्या स्पर्धेतून मागे घेतली. २०१४ मध्ये नॅशनल बुक फाउंडेशनचे पदक स्वीकारताना, पुस्तकांना निव्वळ विक्रीचा माल मानणाऱ्या व्यवहारावर त्यांनी त्या व्यवसायातील मंडळींसमोरच टीका केली. भांडवलशाहीतून सुटका नाही असे आज वाटते, तसेच एके काळी राजांच्या दैवी अधिकाराबद्दलही वाटत होते, असे त्या म्हणाल्या.

पोर्टलंड येथे वयाच्या ८८ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. त्यांच्या नावाचा कथात्म साहित्यासाठीचा पुरस्कार २०२२ पासून दिला जातो.