स्कोनला सोडा घालावा की बेकिंग पावडर?

गावच्या किराणा दुकानात बेकिंग पावडर मागितली की पुष्कळदा खाण्याच्या सोड्याची पुडी हातात पडते, वर "एकच असते ते" हेही ऐकावं लागतं. भज्यांच्या पिठात चिमूटभरच जातो, म्हणून तिथे हा घोळ खपून जातो. स्कोनला, म्हणजे चहासोबत खायच्या मैद्याच्या जाड मऊ ब्रिटिश पावाला, मात्र पाव किलो मैद्यामागे तीन चमचे पावडर लागते. तेवढाच सोडा पडला तर अख्खा घाणा ढोरांपुढे टाकावा लागेल, आणि तीही तोंड फिरवतील.

सोडा म्हणजे नुसता सोडियम बायकार्बोनेट. त्याला ताक, दही, संत्र्याचा रस असं काही आंबट भेटलं की लगेच वायूचे बुडबुडे सुटतात. आंबट नसेल तर तो ओव्हनच्या उष्णतेवर थोडाफार फुलतो, पण मागे जो क्षार उरतो तो म्हणजे चक्क धुण्याचा सोडा. साबणासारखी चव येते ती त्याचीच. पावडरीत हाच सोडा असतो, सोबत कोरडं आम्ल आणि ओल शोषायला मक्याचं किंवा तसलं पीठ. आंबटाची सोय आतच असल्याने तिला साधं दूध चालतं, मात्र चमच्याला चमचा मोजलं तर तिचा जोर सोड्याच्या साधारण तिसरा हिस्सा.

म्हणून डब्यावरचं नाव वाचण्याआधी कणीक कशात भिजवणार ते ठरवा.

दुधात भिजवायची असेल तर पावडर. 250 ग्रॅम मैदा, 3 सपाट चमचे पावडर (चमचा 5 मिलीचा, घरचा चहाचा चमचा अनेकदा लहान असतो), पाव चमचा मीठ आणि 30 ग्रॅम साखर एकत्र करून दोनदा चाळा. त्यात 60 ग्रॅम थंड लोणी बोटांच्या टोकांनी रव्यासारखं चोळा. मे महिन्यात अकोला-चंद्रपूरकडे लोणी हातात धरेपर्यंत वितळतं, तेव्हा मैद्याचा गंजही अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवा. मग 75 ग्रॅम सुकामेवा आणि 125 मिली थंड दूध. पोळीच्या कणकेसारखं मळायचं नाही. गोळा जेमतेम धरला की थांबा, नाहीतर स्कोन चिवट होतात. एका पेराएवढी, म्हणजे अडीच सेंमी जाड थापी करून पातळ काठाच्या वाटीने सरळ खाली दाबून कापा. वाटी फिरवली की कडा चिकटतात आणि स्कोन एका बाजूला कलतो. 220 अंशांवर 12 ते 15 मिनिटं.

सोड्याची रीत जुनी. स्कॉटलंडात स्कोन तव्यावर भाजत आणि ताकात सोडा घालत. बेकिंग पावडर इंग्लंडात आली 1843 मध्ये. बाकी माप तेच, फक्त दुधाऐवजी 140 मिली घट्ट आंबट ताक आणि पावडरीऐवजी सोडा अर्धा चमचा सपाट. ताक ताजं, गोडसर असेल तर सोडा पाव चमच्यावर आणा आणि दीड चमचा पावडर जोडा. लोणी घरचं असेल तर थंड पाण्याने दोनदा धुऊन, पाणी निथळून घ्या. त्यात ताक राहिलं तर मापं हलतात. सोड्याच्या गुठळ्या राहिल्या तर कापलेल्या स्कोनमध्ये तपकिरी ठिपके दिसतात. ज्याच्या घासात ठिपका येईल, तो दुसरा स्कोन उचलणार नाही.

खरा फरक लाइन गेली की कळतो. ताक पडताच सोड्याचा वायू सुटू लागतो, त्यामुळे दहा मिनिटांत स्कोन ओव्हनमध्ये गेले पाहिजेत. पावडर बहुधा दोन टप्प्यांत काम करते, थोडी ओल लागल्यावर आणि उरलेली तापल्यावर. तिची कणीक अर्धा तास फ्रिजमध्ये तग धरते. विजेचा भरवसा नसेल तर पावडरच बरी. पण स्कोन फुगत नाहीत म्हणून चौथा चमचा घालू नका. ते भसकन फुगतात, मग बसतात, आणि जिभेवर कडवट चव राहते.

मेव्यालाही सोडा बाधतो. सूर्यफुलाच्या बिया घातल्या आणि सोडा किंचित जास्त झाला तर दुसऱ्या दिवशी स्कोन आतून हिरवे दिसतात. ती बुरशी नव्हे, बियांमधल्या द्रव्याचा क्षाराशी आलेला रंग. मनुका, चारोळी, भाजलेले शेंगदाणे यांचा त्रास नाही. मनुका कोमट पाण्यात भिजवल्या तर फडक्यावर कोरड्या करा, नाहीतर त्यांच्याभोवतीचं पीठ गिचगिचीत राहतं. काटोल-वरुडकडे संत्र्याला काय तोटा! साल फक्त वरची नारिंगी किसा, पांढरा भाग कडू असतो. दुधाच्या कणकेत रस मात्र ओतू नका, दूध फाटतं.

दुकानातून आलेली पुडी कोणती हे कळत नसेल तर अर्धा चमचा गरम पाण्यात टाका. जोरात फसफसली तर पावडर, आणि ताजी. नुसते चार बुडबुडे आले तर वर लिंबू पिळा: आता उसळली तर सोडा, तरीही गप्प राहिली तर शिळी पावडर. धुण्याचा सोडाही लिंबाने उसळतो, म्हणून नाव नसलेली सुटी पुडी खाण्यात घेऊच नका.