हनीसकलची काडी लावताना: ग्राहकांसाठी माहितीपत्रक

हनीसकलचा एक चांगला वेल घरी असेल, तर दुसरे रोप विकत घेण्याची गरज नाही. काडी सहज रुजते. ती मरते तेव्हा कारण बहुतेक वेळा दोनच असतात: चुकीच्या जागी कापलेली काडी आणि जास्त पाणी.

आधी वेल ओळखा. हनीसकलची फुले पानांच्या बेचक्यात जोडीजोडीने येतात, उमलताना पांढरी असतात आणि एक-दोन दिवसांत पिवळी पडतात. लांब दांड्याच्या फुलांचे घोस खाली लोंबत असतील आणि पांढरी फुले पुढे गुलाबी, मग लाल होत असतील, तर ती मधुमालती. तिलाही बरेच जण हनीसकल म्हणतात. मधुमालतीची काडी इतक्या सहज लागत नाही; तिचे बुंध्यापाशी आलेले फुटवे मुळासकट काढून लावणे बरे. पुढची सगळी माहिती हनीसकलची आहे.

काडी कोणती घ्यावी

याच वर्षी फुटलेली, पण कोवळेपणा संपलेली फांदी निवडा. शेंड्याकडचा लुसलुशीत भाग बोटाने दाबला की चेपतो. तो कापल्यावर तासाभरात मान टाकतो. बुंध्याकडची करड्या सालीची जुनी फांदी रुजायला फार वेळ घेते. मधला भाग घ्यावा: वाकवला तर वाकतो, पण लगेच उलट ताठ होतो. फुले किंवा कळ्या असलेली फांदी शक्यतो टाळा. तशीच मिळाली तर कळ्या खुडून टाका.

काडी 12 ते 15 सेंमी लांब आणि दोन-तीन पेरांची (पेर म्हणजे फांदीवर पाने फुटतात तो सांधा) असावी. खालचा काप पेराच्या लगेच खाली, अर्ध्या सेंमीच्या आत घ्यायचा. याचे कारण फांदी उभी चिरून पाहिली की समजते. दोन पेरांमधला भाग आतून पोकळ असतो आणि पेरापाशी ती पोकळी बंद होते. पेराखाली लांब तुकडा राहिला तर त्या नळीत पाणी साचते, ती काळी पडते आणि कूज वर चढते. मुळ्याही सगळ्यात भरवशाने पेरापाशीच फुटतात.

वरचा काप पेराच्या वर एक सेंमी ठेवून घ्या. वरची दोन पाने ठेवा, मोठी असतील तर निम्मी कापा, बाकीची काढून टाका. सिकेटर (फांद्या छाटायची कात्री) धारदार हवा. बोथट कात्रीने साल चेंगरते आणि तिथूनच बुरशी शिरते. कापाकापी सकाळी करा आणि काड्या लावेपर्यंत ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवा. खालचे टोक तिरके आणि वरचे सरळ कापण्याची सवय लावून घेतली, तर काडी उलटी लावली जात नाही.

कधी आणि कशात

जून अखेर ते ऑगस्ट हा सर्वात चांगला काळ, कारण हवेतला ओलावा आयता मिळतो. दुसरी संधी फेब्रुवारीत. एप्रिल-मेच्या झळांत लावू नका.

जाड वाळू आणि भिजवून पिळलेले कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) सारख्या प्रमाणात घ्या. हल्ली नदीची वाळू मिळत नाही म्हणून क्रश सँड (दगड फोडून केलेली वाळू) वापरली जाते. तिच्यातली भुकटी धुऊन काढल्याशिवाय वापरू नका, नाहीतर पिशवीत सिमेंटसारखा थर बसतो. समुद्राची वाळू खारी असते, ती नको. शेणखत, गांडूळखत, युरिया यांपैकी काहीही आत्ता घालायचे नाही. मुळ्याच नसलेल्या काडीला खताचा उपयोग नसतो आणि कुजण्याचा धोका मात्र वाढतो.

4 × 6 इंची पिशवी पुरते. तळाला सहा-आठ भोके हवीत. मूळ फुटण्याची पावडर (आयबीए, 1000 ते 3000 पीपीएम) असेल तर थोडी कागदावर काढून टोक त्यात बुडवा आणि जास्तीची झटका. डबीत काडी बुडवली तर उरलेली पावडर ओल धरून खराब होते. पावडर नसली तरी या वेलाचे अडत नाही.

पेन्सिलीने भोक पाडून मगच काडी घाला, म्हणजे पावडर पुसली जात नाही. किमान एक पेर पूर्ण आत गेले पाहिजे. बाजूने माती दाबा, एकदा झारीने पाणी द्या.

पहिले सहा आठवडे

पिशव्या सावलीत, पण उजेडात ठेवा. तळ कापलेली प्लास्टिकची मोठी बाटली वर उपडी ठेवली की ओलावा टिकतो. रोज सकाळी तासभर झाकण उघडा. बाटलीवर थेट ऊन पडता कामा नये, आत काडी शिजते. पाणी रोज ठरवून देऊ नका. चिमूटभर माती दाबून पाहा: बोट ओलसर होत असेल तर त्या दिवशी पाणी नको.

दहा-पंधरा दिवसांत कोंब हिरवे दिसले म्हणून मुळ्या आल्या असे समजू नका. काडीत साठलेल्या अन्नावरही पाने फुटतात आणि मुळ्या नसल्या की ती सुकून जातात. काडी उपटून पाहण्याचा मोह सगळ्यांनाच होतो, पण नुकत्या आलेल्या मुळ्या त्यातच तुटतात. पिशवीच्या भोकात पांढरी मुळी दिसेपर्यंत थांबा. पावसाळ्यात साधारण चार ते सहा आठवडे लागतात.

खालून काळी पडलेली काडी वाचत नाही, ती लगेच फेका. पाने पिवळी होऊन गळली पण काडी हिरवी असेल, तर ठेवा, ती पुन्हा फुटू शकते. कोवळ्या शेंड्यांवर मावा (बारीक कीड) दिसला तर पाण्याच्या बारीक धारेने धुवा.

जमिनीलगत फांदी असेल तर

काडीपेक्षाही खात्रीचा उपाय म्हणजे दाब कलम. लांब फांदी वाकवून एका पेराखालची साल दोन सेंमी खरवडा, ते पेर 5 सेंमी खोल पुरा आणि वर दगड ठेवा. फांदीला अन्नपाणी आईवेलाकडून मिळत असल्याने ती सुकत नाही. दोन महिन्यांनी मुळ्या पाहून कापा. एकदोनच रोपे हवी असतील तर आम्ही हेच सुचवतो.

मोठ्या कुंडीत किंवा जमिनीत

मुळ्या भरल्यावर आठवडाभर सकाळचे कोवळे ऊन दाखवा, मगच हलवा. आता माती, शेणखत आणि वाळू चालेल. कुंडी 12 इंची. शेंडा खुडला की बाजूने फुटवे येतात. तार किंवा जाळी लगेच द्या, कारण वेल आधाराला पीळ घालतच चढतो. भिंतीला तो आपणहून चिकटत नाही. फुलांसाठी बहुधा पुढच्या हंगामाची वाट पाहावी लागते.

छाटलेल्या फांद्या जंगलाच्या कडेला, ओढ्यात किंवा मोकळ्या रानात टाकू नका. जमिनीला टेकलेले प्रत्येक पेर मूळ धरू शकते. अमेरिकेच्या पूर्व भागात बागेतून सुटलेल्या याच वेलाने जंगलातली झाडे वेढली आहेत. महाबळेश्वर-पाचगणीसारख्या ठिकाणी घर असलेल्यांनी हे विशेष सांभाळावे: फांद्या उन्हात पूर्ण वाळवून मगच खतखड्ड्यात घाला. फुलांनंतर येणारी काळी फळे खाण्याची नसतात. घरात लहान मुले असतील तर ही फळे वेळीच तोडून टाका.