खान्देशचा कातळ आणि डोडोचं बेट

धुळ्याहून नंदुरबारकडे जाताना शिवारात काळ्या दगडाच्या लांबच लांब भिंती दिसतात, बहुतेक सगळ्या पूर्व-पश्चिम. त्या कुणा राजाने बांधलेल्या नाहीत. जमिनीला भेगा पडल्या, खालून लाव्हा वर चढला आणि भेगेतच थिजला. पुढे बाजूचा खडक झिजून गेला आणि हा चिवट भाग उघडा पडला. भूशास्त्रात यांना डाइक म्हणतात. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी दख्खनवर लाव्ह्याचे थरावर थर चढत होते, त्या काळाची ही निशाणी. क्रशरवरची खडी, विहीर खोदताना लागणारा कातळ, सावद्याच्या खाणीतून निघणारे झिओलाइटचे चकाकते खडे आणि कपाशीची काळी माती, सगळं त्याच लाव्ह्याचं देणं.

या दगडाची भावंडं इथून साडेचार-पाच हजार किलोमीटरवर आहेत, हिंदी महासागरात. नावं मॉरिशस आणि रियुनियन. पृथ्वीच्या पोटात काही ठिकाणी खोलवरून उष्ण खडक सतत वर येत राहतो. अशा जागेला हॉटस्पॉट म्हणतात. हॉटस्पॉट जवळजवळ जागच्या जागी राहतो आणि वरचा भूखंड सरकत जातो. शेगडी तिथेच आणि तवा पुढे ढकलला जातोय, असा प्रकार. दख्खनचा लाव्हा ओतला गेला तेव्हा भारत विषुववृत्ताच्या दक्षिणेला, या शेगडीच्या वर होता, असं बहुतेक भूवैज्ञानिक मानतात. मग भारत उत्तरेला निघून आशियाला जाऊन भिडला, पण मागे समुद्रतळावर डागांची रांग राहिली: लक्षद्वीप, मालदीव, चागोस. तिथले ज्वालामुखी केव्हाच बुडाले, वर दिसतात ती पोवळ्यांची बेटं. रांगेच्या शेवटी मॉरिशस आहे, सुमारे ८० लाख वर्षांपूर्वीचं, आणि त्याच्या पुढे रियुनियन, वीसेक लाख वर्षांचं. रियुनियनवरचा पितों द ला फुर्नेझ अजूनही वारंवार लाव्हा ओकतो.

उडता न येणारा आणि आता नामशेष झालेला डोडो पक्षी याच मॉरिशसचा. म्हणजे खान्देशचा कातळ आणि डोडोचं बेट, दोन्ही एकाच आगीची. मग डोडो मॉरिशसमध्येच का झाला? तोरणमाळच्या पठारावर का नाही?

बेटांवरच्या अजब प्राण्यांबद्दल वाचताना ज्वालामुखीलाच सगळं श्रेय दिलेलं असतं, जणू लाव्ह्यातच काही जादू आहे. तसं असतं तर अख्खा महाराष्ट्र डोडोंनी भरला असता. आपल्याकडेही जमीन पुन्हा पुन्हा कोरी झाली होती. एक लाव्हा-प्रवाह येई, सगळं जाळून टाकी आणि थंड होई. नंतर हजारो वर्षं शांतता, त्यात वरच्या खडकाची माती होई. घाटात रस्त्यासाठी कापलेल्या दरडींमध्ये दोन काळ्या थरांच्या मधे विटकरी पट्टा दिसतो, तो याच शांततेचा पुरावा. दख्खनमध्ये अशा मधल्या थरांत वनस्पतींचे आणि गोड्या पाण्यातल्या शंख-शिंपल्यांचे जीवाश्मही सापडले आहेत. जीव परत येत होते. पण ते शेजारच्या न जळलेल्या जमिनीवरून चालत, सरपटत, वाऱ्यावर, कसेही येत होते. जे शेजारी होतं तेच इथे आलं. नवं काही घडायला वावच नव्हता.

बेटावर चालत येता येत नाही, आणि सगळा फरक इथून सुरू होतो.

१८८३ साली इंडोनेशियातल्या क्राकाटोआचा स्फोट झाला आणि बेटाचा जो तुकडा उरला तो गरम राखेखाली गाडला गेला. पुढच्या मे महिन्यात शास्त्रज्ञ तिथे पोचले तेव्हा त्यांना एकच सजीव सापडला, एक बारीकसा कोळी. कोळ्याची पिल्लं शेपटाकडून धागा सोडतात आणि वाऱ्यावर तरंगत कितीतरी लांब जातात. आइसलँडजवळ १९६३ मध्ये समुद्रातून सुर्त्सी नावाचं नवंकोरं बेट वर आलं. तिथे पहिलं फुलझाड १९६५ साली उगवलं, लाटांबरोबर आलेल्या बियांतून. उडणारे, तरंगणारे आणि पक्ष्यांच्या पायाला किंवा पोटात चिकटून येणारे, हेच खरे प्रवासी. बेडकाला खारं पाणी सोसत नाही, म्हणून मधल्या समुद्रात उठलेल्या बेटांवर मूळचे बेडूक जवळपास नसतात. डार्विनच्याही हे लक्षात आलं होतं. मॉरिशसवर माणूस येण्याआधी सस्तन प्राणी म्हणजे फक्त वटवाघळं. बिबट्या नाही, कोल्हा नाही, मुंगूस नाही, उंदीरही नाही.

थोडेच जीव पोचतात, त्यामुळे बऱ्याच जागा रिकाम्या असतात. चरायला गाई-हरणं नाहीत, तर ते काम कासवं करतात. पोचलेल्यांचा मूळ वंशाशी संबंध तुटतो, कारण हजार किलोमीटर समुद्र ओलांडून सोयरीक कोण जोडणार? मोजक्या जोड्यांपासून सुरुवात, परकं रक्त नाही आणि वेगळीच परिस्थिती. काही लाख वर्षं मिळाली की नवी जात तयार.

गॅलापागोसची गोष्ट सगळ्यांना माहीत असते, पण अर्धवट. इक्वेडोरच्या किनाऱ्यापासून हजारेक किलोमीटरवरच्या या बेटांवर डार्विन १८३५ साली गेला खरा, पण फिंच पक्षी बघून तिथल्या तिथे त्याच्या डोक्यात दिवा पेटला नव्हता. कुठला पक्षी कुठल्या बेटावरचा, याची नीट नोंदही त्याने ठेवली नव्हती. लंडनला परतल्यावर जॉन गूल्ड या पक्षीतज्ज्ञाने १८३७ मध्ये सांगितलं की हे वेगवेगळ्या कुळांतले वाटणारे पक्षी खरं तर एकमेकांचे जवळचे नातलग आहेत. खरी चिकाटी दिसते ती पुढे, पीटर आणि रोझमेरी ग्रँट या जोडप्याच्या कामात. १९७३ पासून ते डॅफ्नी मेजर या छोट्याशा ज्वालामुखी बेटावर दरवर्षी जात राहिले. तिथे राहायला धड जागा नाही, प्यायला पाणी नाही. ते पक्षी पकडायचे, पायात रंगीत कडी घालायचे, चोच मोजायचे आणि सोडून द्यायचे.

१९७७ मध्ये तिथे पाऊसच आला नाही. खान्देशातल्या माणसाला दुष्काळ समजावून सांगायची गरज नाही; ७२ सालच्या आठवणी अजून घराघरांत आहेत. डॅफ्नीवर बारीक, मऊ बिया लवकर संपल्या आणि उरल्या त्या टणक बिया. त्यात मुख्य होता सराटा. हो, आपला गोखरू, पण त्याच्याच कुळातली थोडी वेगळी जात. पायात घुसणारं, सायकलचं ट्यूब पंक्चर करणारं ते काटेरी फळ फोडून आतलं बी काढणं म्हणजे चोचीची परीक्षाच. तिथल्या जमिनीवर वावरणाऱ्या मध्यम आकाराच्या फिंचपैकी सातांत जेमतेम एक वाचला. वाचले ते बहुतेक मोठ्या, जाड चोचीचे. पुढच्या पिढीची चोच सरासरीने अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास जाड निघाली.

अर्धा मिलिमीटर म्हणजे काहीच नाही असं वाटेल. पण एका दुष्काळात, एका पिढीत, मोजपट्टीवर दिसेल इतका बदल झाला. आणि वारं उलटंही फिरलं. १९८२-८३ मध्ये प्रशांत महासागराचं पाणी तापलं, आणि या एल निनोने बेटावर धो धो पाऊस पाडला, बारीक बियांचं पीक आलं आणि पुढच्या काही वर्षांत लहान चोचीचे पक्षी सरस ठरले. उत्क्रांती एका दिशेने वर चढत जाते ही आपली समजूत इथे मोडते. ती ज्या वर्षी जे लागेल ते करते.

त्याच बेटावर १९८१ साली शंभराहून जास्त किलोमीटरवरच्या एस्पान्योला बेटावरून एक परका नर उडत आला. मोठा, जाड चोचीचा, वेगळ्या गाण्याचा. त्याने स्थानिक मादीशी घरोबा केला. मुलांनी बापाचं गाणं उचललं, स्थानिक माद्यांना ते रुचेना, आणि काही पिढ्यांतच हे घराणं आपापसातच जोड्या जमवू लागलं. ग्रँट जोडप्याने आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१७ मध्ये त्यांच्या डीएनएसह ही हकीकत मांडली. नवी जात होण्याची सुरुवात डोळ्यांदेखत पाहायला मिळण्याचं भाग्य फार थोड्या शास्त्रज्ञांना लाभलं आहे.

बेटावर मिळवण्याइतकंच गमावणंही चालतं, आणि मला ते जास्त मनोरंजक वाटतं. बोरी-बाभळीच्या आपल्या मुलखात झाडाने काटे टाकले तर शेळ्या ते चार दिवसांत फस्त करतील. हवाई बेटांवर चरणारी जनावरं नव्हती, तिथल्या जंगली रास्पबेरीचे काटे जवळजवळ गेले. काटे करायलाही अन्न खर्ची पडतं. गरज संपली की तो खर्च न करणारं झाड पुढे जातं.

डोडोचं तेच झालं. तो मुळात कबुतरच. २००२ मध्ये जुन्या नमुन्यांतल्या डीएनएवरून कळलं की आज जिवंत असलेल्यांत त्याचा सगळ्यांत जवळचा नातलग म्हणजे आपल्या निकोबारचं कबुतर. त्याच्या पूर्वजांपैकी कुणीतरी समुद्र ओलांडून या बाजूला आले असणार. खाली पडलेली फळं भरपूर, शत्रू कोणी नाही, मग उडायचं कशाला? उडण्याचे स्नायू पोसणं फार महाग असतं. पिढ्यानुपिढ्या पंख आखूड होत गेले, शरीर दहा किलोच्या वर गेलं. लोक त्याला मूर्ख म्हणत आले, पण २०१६ मध्ये त्याच्या कवटीचं स्कॅनिंग झालं तेव्हा शरीराच्या मानाने त्याचा मेंदू इतर कबुतरांइतकाच निघाला. माणसाला बघून तो पळाला नाही, कारण पळायचं असतं हे त्याच्या लाखो वर्षांच्या अनुभवात नव्हतंच. १५९८ मध्ये डच खलाशी उतरले. पाठोपाठ डुकरं, उंदीर, माकडं आली आणि जमिनीवर घातलेली अंडी खाऊ लागली. १६६२ नंतर खात्रीची नोंद मिळत नाही.

बाहेरून आणून सोडलेल्या जीवांची पुढची यादी वाचताना आपल्याला जरा ओशाळायलाच होतं. टोळ खाण्यासाठी अठराव्या शतकात मॉरिशस-रियुनियनवर नेलेली साळुंकी इथली. उंदीर मारायला सोडलेलं मुंगूस इथलं. केळीच्या बागेतली साळुंकी आपल्याला साधी वाटते, पण मांजर, साप, शिकरा, धामण यांच्यात वाढलेला तो पक्का मुरलेला पक्षी आहे. बेटावरच्या भाबड्या पाखरांपुढे तो दांडगाच ठरतो. मॉरिशसचा हिरवा एको पोपट तर आपल्या पोपटाचा चुलत भाऊ, तोही विसाव्या शतकाच्या शेवटी डझन-दोन डझनांवर आला होता. तिथला केस्ट्रेल नावाचा छोटा शिकारी पक्षी १९७४ मध्ये रानात फक्त चार उरला होता. दोघेही अंडी उबवणं, पिल्लं वाढवणं, उंदीर-मांजरांचा बंदोबस्त अशा खटपटीने वाचले. एका छोट्या बेटावर नामशेष कासवांच्या जागी हिंदी महासागरातल्याच अल्डाब्रा बेटाची महाकाय कासवं आणून सोडली. ती तिथल्या एबनी झाडांची फळं खातात आणि त्यांच्या विष्ठेतून बिया रुजू लागल्या आहेत.

आता खान्देशकडे वळू. समुद्र नाही म्हणून इथे डोडो झाला नाही, पण समुद्र पाण्याचाच असायला हवा असं नाही. रानातल्या पक्ष्याला कपाशीचं सलग शिवारही ओलांडवत नाही.

रानपिंगळ्याचं उदाहरण घ्या. हे छोटं घुबड दिवसाही वावरतं आणि सागाच्या विरळ जंगलात राहतं. १८७३ मध्ये त्याचं शास्त्रीय वर्णन झालं. १८८० च्या दशकात डेव्हिडसन नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने खान्देशात काही नमुने जमवले, शेवटचा १८८४ चा. त्यानंतर शंभर वर्षं शुकशुकाट. शोध भरकटण्याचं एक कारण गमतीदार आणि संतापजनकही आहे. रिचर्ड माइनर्त्झहागन या प्रसिद्ध पक्षीसंग्राहकाने १९१४ मध्ये गुजरातेतल्या मांडवीत हा पक्षी मिळाल्याचा दावा केला होता. प्रत्यक्षात तो संग्रहालयातून चोरलेला डेव्हिडसनचाच जुना नमुना होता, नव्याने पेंढा भरून स्वतःच्या नावावर खपवलेला. पामेला रॅसमुसेन आणि सहकाऱ्यांनी ही लबाडी उघडकीला आणली, खोटी ठिकाणं वगळली आणि नोव्हेंबर १९९७ मध्ये शहाद्याजवळ सातपुड्याच्या पायथ्याशी रानपिंगळा डोळ्यांनी पाहिला. ११३ वर्षांनी.

रानपिंगळा काही बेटावर घडलेला पक्षी नाही. मध्य भारताच्या सलग जंगलाचा तो रहिवासी. त्याचं जंगल मात्र आता बेटांसारखं तुटलं आहे. १९६७ मध्ये मॅकआर्थर आणि विल्सन या दोन अमेरिकन शास्त्रज्ञांनी बेटांचं एक साधं गणित मांडलं: बेट जितकं लहान तितक्या जाती लवकर संपतात, आणि जितकं दूर तितके नवे जीव कमी येतात. हे गणित जंगलाच्या तुकड्यांनाही बरंचसं लागू पडतं. फरक वेळेचा आहे. मॉरिशसला ८० लाख वर्षं मिळाली, तुटलेपणातून नवं घडवायला ती पुरली. आपल्या तुकड्यांना शंभर वर्षंही झाली नाहीत, आणि इतक्या अवधीत तुटलेपण फक्त वजाबाकी करतं.

रानपिंगळ्याच्या बाबतीत एवढं तरी बरं की त्याची वस्ती एकाच तुकड्यात अडकलेली नाही. यावल अभयारण्यात तो आहे, मेळघाटात आहे, डांगच्या जंगलात सापडला आणि २०१४ मध्ये थेट मुंबईजवळच्या तानसा अभयारण्यातही दिसला. सातपुडा, डांग आणि सह्याद्रीच्या मधल्या पट्ट्यात जुने, पोकळी असलेले साग आणि सलई अजून कुठे कुठे उभे आहेत, याचा नकाशा गावनिहाय करायला हवा. रानपिंगळा झाडाच्या ढोलीत अंडी घालतो, आणि ढोली धरायला झाडाला कितीतरी वर्षं लागतात.