स्वतंत्र हिप हॉप संगीतनिर्माता

हिप हॉप गीतात रॅपच्या खाली वाजणारा सगळा सांगीतिक भाग, म्हणजे ठेका, खर्जाची चाल, जुन्या ध्वनिमुद्रिकांतून घेतलेले तुकडे आणि त्यांची मांडणी, एकट्याने किंवा मोजक्या सहकाऱ्यांसह घडवणारा आणि हे काम कोणत्याही ध्वनिमुद्रण कंपनीच्या नोकरीत न राहता स्वतःच्या जबाबदारीवर करणारा कलावंत. रोजच्या बोलण्यात त्याला बीटमेकर किंवा नुसते प्रोड्युसर म्हणतात आणि त्याने तयार केलेल्या रचनेला बीट म्हणतात. गाण्यात भांडवल घालणे हे त्याचे काम नसते. चित्रपटसंगीतात संगीतकार, संयोजक, वादक आणि ध्वनिमुद्रक यांच्यात वाटली गेलेली कामे येथे बहुधा एकाच माणसाकडे येतात. या व्यवसायातील स्वातंत्र्य मुख्यतः आवाक्यात आलेल्या यंत्रांमुळे शक्य झाले. त्या स्वातंत्र्यावर पोट भरता येते की नाही, हे मात्र यंत्रांपेक्षा हक्कांच्या कागदपत्रांवर ठरत आले आहे.

हिप हॉपचा आरंभ ११ ऑगस्ट १९७३ रोजी न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागातील १५२०, सेज्विक अव्हेन्यू या इमारतीत डीजे कूल हर्क याने वाजवलेल्या मेजवानीपासून मानण्याची प्रथा आहे. एकाच ध्वनिमुद्रिकेच्या दोन प्रती शेजारशेजारच्या दोन टर्नटेबलांवर ठेवून, गाण्यातील केवळ ठेक्याचा भाग आलटून पालटून लांबवत नेण्याची त्याची रीत हे बीटचे मूळ होय. हाताने साधलेली ही पुनरावृत्ती १९८०च्या दशकात, ध्वनीचे तुकडे साठवून पुन्हा वाजवणाऱ्या सॅम्पलर या यंत्राने कायमची टिपून ठेवली. क्वीन्समधील मार्ली मार्ल याने जुन्या ध्वनिमुद्रिकेतील एकेक ड्रमचा आघात वेगळा काढून त्यातून नवा ठेका रचायला सुरुवात केली आणि तेथून निर्माता हा डीजेपासून वेगळा ओळखला जाऊ लागला.

साधने आणि कामाची रीत

ई-म्यू कंपनीच्या १९८७मधील एसपी-१२०० या सॅम्पलरमध्ये एकूण सुमारे १० सेकंदांचाच ध्वनी मावत असे. जागा पुरावी म्हणून निर्माते मिनिटाला ३३ फेऱ्यांची तबकडी ४५च्या वेगाने फिरवून ध्वनी आत घेत आणि नंतर यंत्रात त्याचा वेग उतरवीत. त्यातून येणारा खरखरीत, जाडसर पोत पुढे या संगीताची ओळख ठरला. १९८८मध्ये रॉजर लिन याने रचलेले अकाई कंपनीचे एमपीसी-६० आले. चार रांगांत बसवलेल्या सोळा रबरी कळा बोटांनी वाजवायच्या आणि यंत्राने ते वादन लक्षात ठेवायचे, ही त्याची रचना आजही बदललेली नाही. या यंत्रांत वाजवलेला आघात जवळच्या अचूक मात्रेवर आपोआप सरकवून बसवण्याची सोय असते. तिला क्वांटाइझ म्हणतात. ती सोय वापरायची की बंद ठेवायची, या वरकरणी किरकोळ वाटणाऱ्या निवडीवर पुढे एका निर्मात्याची सगळी शैली उभी राहिली.

कामाची रीत साधारण अशी असते. निर्माता जुन्या तबकड्यांच्या दुकानांतून किंवा आता संगणकावरून ध्वनी शोधतो, त्यातले दोन-चार सेकंदांचे तुकडे कापतो, त्यांचा स्वर आणि वेग बदलतो, क्रम मोडून पुन्हा जुळवतो आणि त्यावर ड्रम व खर्ज बसवतो. अशा दहा-वीस बीट एका कॅसेटवर, पुढे सीडीवर आणि आता एका फोल्डरमध्ये भरून रॅपरांकडे पाठवल्या जातात. रॅपर ऐकतो, एखादी निवडतो आणि तिच्यावर लिहितो. पुष्कळदा दोघांची भेटही होत नाही. पाठवलेल्यांपैकी फार थोड्या बीटची गाणी होतात, त्यामुळे रोज काम करत राहण्याची शिस्त हीच या धंद्याची खरी पुंजी समजली जाते.

जे डिला : एका कारकिर्दीचा आलेख

या व्यवसायातील सगळे ताण एकाच आयुष्यात पाहायचे असतील, तर डेट्रॉइटच्या जेम्स ड्यूइट यान्सी याची कारकीर्द पाहावी. त्याचा जन्म ७ फेब्रुवारी १९७४चा. प्रथम तो जे डी या नावाने काम करीत असे; निर्माता जर्मेन डुप्री याच्या ‘जेडी’ या आद्याक्षरांशी घोटाळा होऊ लागल्यावर त्याने जे डिला हे नाव घेतले. वडील बास वाजवीत आणि घरात गाणे होते. कोनंट गार्डन्स या वस्तीतच राहणारा वादक अँप फिडलर याने आपले एमपीसी त्याला हाताळू दिले. यंत्राची पुस्तिका वाचण्याऐवजी ऐकून आणि करून शिक, असा फिडलरचा आग्रह असे. शाळेतील मित्र टी-थ्री आणि बातीन यांच्यासह डिलाने स्लम व्हिलेज हा गट काढला आणि राहत्या घराच्या तळघरात त्याचे काम सुरू झाले.

१९९४मध्ये फिडलरनेच त्याची गाठ ‘अ ट्राइब कॉल्ड क्वेस्ट’ या रॅप गटाच्या क्यू-टिपशी घालून दिली आणि डिलाची कॅसेट न्यूयॉर्कला पोचली. पुढच्याच वर्षी फारसाइड या लॉस एंजेलिसच्या गटासाठी केलेल्या ‘रनिन’मध्ये त्याने स्टॅन गेट्झ आणि लुइझ बोंफा यांच्या १९६३च्या ब्राझिली ढंगाच्या ध्वनिमुद्रणातील गिटार वापरली. त्यानंतर डे ला सोल, बस्टा ऱ्हाइम्स, कॉमन, एरिका बाडू अशी नावे येत गेली. कॉमनचे ‘द लाइट’ आणि बाडूचे ‘डिडंट चा नो’ ही दोन्ही गाणी २०००मधील आहेत. क्यू-टिप, अली शहीद मुहम्मद आणि डिला मिळून ‘द उम्मा’ या सामायिक नावाने काम करीत, त्यामुळे त्या काळातील बरेच काम त्याचे असूनही श्रोत्यांना त्याचे नाव कळले नाही. हिप हॉपमध्ये पडद्यामागे राहणाऱ्या माणसाला नाव मिळणे हाही मोबदल्याचाच भाग आहे, कारण पुढचे काम त्या नावावर येते.

त्याच्या शैलीचे मर्म कालमापनात होते. क्वांटाइझ बंद ठेवून तो बोटांनी वाजवी, इतकेच सांगून भागत नाही. एकाच ठेक्यात तो काही आघात काटेकोर सरळ ठेवी, काही झुलते ठेवी, स्नेअर (कडक आवाजाचा ड्रम) किंचित आधी आणू शके आणि किक (पायाने वाजणारा खर्जाचा ड्रम) मागे रेंगाळू देई. हिंदुस्थानी संगीतात ठेका स्थिर राहतो आणि गायक त्याच्या मागेपुढे होतो; डिलाच्या बीटमध्ये ठेक्याचे घटकच एकमेकांच्या मागेपुढे होतात आणि तरी समेचे भान सुटत नाही. ऐकणाऱ्याला प्रथम ते चुकल्यासारखे वाटते. द रूट्स या बँडचा ड्रमवादक क्वेस्टलव्ह याने ही चाल आत्मसात करण्यासाठी आपली अचूकतेची सवय जाणीवपूर्वक मोडली, आणि २०००च्या जानेवारीत आलेल्या गायक डिअँजेलोच्या ‘व्हूडू’ या अल्बममध्ये जिवंत वादकांनी तीच लय धरली. यंत्रावर शोधलेली लय माणसांनी शिकून घ्यावी, हा संगीताच्या इतिहासातला उलटा प्रवास होता.

कंपन्यांशी मात्र त्याचे फारसे जमले नाही, आणि त्यात कलेपेक्षा व्यापारी उलथापालथीचा वाटा मोठा होता. स्लम व्हिलेजचा करार ए अँड एम कंपनीशी होता. विलीनीकरणात ती कंपनीच मोडीत निघाली आणि तयार असलेला ‘फँटास्टिक, व्हॉल्यूम २’ अखेर २०००मध्ये दुसरीकडून निघाला. तोवर त्याच्या नकला कॅसेटवरून हातोहात फिरल्या होत्या. पुढे एमसीए कंपनीने डिलाशी एकल अल्बमचा करार केला. इतरांच्या बीटवर स्वतः रॅप करण्याची त्याची कल्पना तेथे रेंगाळली, २००३मध्ये एमसीए गेफेनमध्ये विलीन झाली आणि तो अल्बम ‘द डायरी’ या नावाने थेट २०१६मध्ये बाहेर आला. या अनुभवानंतर त्याने २००३मध्ये ‘रफ ड्राफ्ट’ हे छोटेखानी काम स्वतःच्या लेबलवर काढले आणि वितरण एका जर्मन कंपनीकडे सोपवले. स्वतंत्र राहण्याचा त्याचा हा निर्णय तत्त्वज्ञानातून आलेला दिसत नाही. मोठ्या कंपनीच्या दारात काही वर्षे वाट पाहिल्यावर उरलेला तो रस्ता होता. त्याच वर्षी कॅलिफोर्नियातील मॅडलिब या निर्मात्यासह केलेला ‘चॅम्पियन साउंड’ स्टोन्स थ्रो या लहान लेबलने काढला. त्यात दोघांनी एकमेकांच्या बीटवर रॅप केला आहे.

रक्ताचा एक दुर्मीळ विकार आणि लुपस यांनी तोपर्यंत त्याला ग्रासले होते. लॉस एंजेलिसला स्थलांतर केल्यावर रुग्णालयातील मुक्काम वाढत गेले, तरी २००५च्या अखेरीस चाकांच्या खुर्चीत बसून त्याने युरोपात कार्यक्रम केले. ‘डोनट्स’ हा ३१ छोट्या तुकड्यांचा, रॅपविरहित अल्बम स्टोन्स थ्रोने ७ फेब्रुवारी २००६ रोजी, त्याच्या ३२व्या वाढदिवशी प्रसिद्ध केला आणि तिसऱ्या दिवशी, १० फेब्रुवारीला, त्याचे निधन झाले. संपूर्ण अल्बम रुग्णशय्येवर घडला ही कथा लोकप्रिय आहे. प्रत्यक्षात त्याचा पाया आधीच केलेल्या एका बीट सीडीत होता आणि तिची वाढ व संपादन आजारपणाच्या काळात झाले. त्याचे एमपीसी-३००० आता वॉशिंग्टनमधील आफ्रिकन अमेरिकन इतिहास व संस्कृतीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. वारसांच्या वाट्याला मात्र मोठे देणे आणि हक्कांवरून झालेले दीर्घ वाद आले.

हक्क आणि मोबदला

अमेरिकी प्रथेनुसार निर्मात्याची कमाई तीन वाटांनी येते: बीटसाठी आगाऊ रक्कम, ध्वनिमुद्रणाच्या विक्रीतील काही टक्के आणि गीताच्या रचनेतील संगीतकार म्हणून हिस्सा. हा शेवटचा हिस्सा बहुधा निम्मा धरला जातो आणि दीर्घकाळ पैसे देणारा तोच असतो; घाईत असलेले नवखे निर्माते नेमका तोच रोख रकमेच्या बदल्यात सोडून देतात. शिवाय बीटमध्ये दुसऱ्याच्या ध्वनिमुद्रणाचा तुकडा असेल, तर मूळ ध्वनिमुद्रण आणि मूळ रचना अशा दोन्ही हक्कांची परवानगी लागते.

१९९१मध्ये रॅपर बिझ मार्की याच्याविरुद्धच्या दाव्यात न्यूयॉर्कच्या न्यायालयाने विनापरवाना सॅम्पल वापरण्यास मनाई केली आणि निकालाचा आरंभ ‘चोरी करू नकोस’ या बायबलमधील आज्ञेने केला. त्यानंतर एका गाण्यात डझनभर सॅम्पल रचण्याची पद्धत श्रीमंतांनाच परवडू लागली. या वादाला भारतीय बाजूही आहे. निर्माता डीजे क्विक याने ट्रुथ हर्ट्स या गायिकेच्या २००२मधील ‘अॅडिक्टिव्ह’ या गीतात १९८१च्या ‘ज्योति’ चित्रपटातील लता मंगेशकरांच्या आवाजातील ‘थोडा रेशम लगता है’चा मोठा भाग वापरला. मूळ संगीतकार बप्पी लाहिरी यांच्या दाव्यावरून लॉस एंजेलिसच्या न्यायालयाने २००३मध्ये, त्यांचा श्रेयनिर्देश होईपर्यंत विक्री थांबवण्याचा आदेश दिला. लहान निर्माता अशा वेळी सहसा नजरेतच येत नाही, म्हणून तो वाचतो. गाणे गाजले की मागचे सगळे हिशेब समोर येतात.

महाजालाने बीट विकण्याची रीतच पालटली. एकच बीट अनेकांना मर्यादित वापरासाठी स्वस्तात भाड्याने द्यायची आणि कोणी जास्त पैसे मोजले तर त्याला एकट्याला देऊन टाकायची, अशी दुहेरी पद्धत आता रूढ आहे. नेदरलँड्समधील यंगकिओ या तरुण निर्मात्याची अशीच एक बीट लिल नॅस एक्स या अमेरिकी रॅपरने ३० डॉलरला घेतली. तिच्यावरचे ‘ओल्ड टाउन रोड’ २०१९मध्ये बिलबोर्ड या अमेरिकी नियतकालिकाच्या लोकप्रिय गाण्यांच्या मुख्य यादीत सलग १९ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिले. त्या बीटमध्ये नाइन इंच नेल्सच्या एका रचनेचा तुकडा होता, त्यामुळे श्रेय आणि उत्पन्न यांची वाटणी त्या बँडशीही करावी लागली.

मुंबई, पुणे आणि भारतीय कायदा

भारतात हा व्यवसाय एफएल स्टुडिओसारखी संगणकप्रणाली घरोघरी पोचल्यावर वाढला, त्यामुळे येथील बहुतेक निर्माते एमपीसीच्या वाटेने न येता थेट पडद्यावर शिकले. डिव्हाइन आणि नेझी या रॅपरांचे २०१५मधील ‘मेरे गली में’ मुंबईच्या गल्ल्यांतील म्हणून ओळखले जाते, पण त्याची बीट दिल्लीच्या सेझ ऑन द बीट याची आहे. पुण्याचा एमसी स्टॅन स्वतःच्या बीट स्वतः करतो. मराठी रॅपच्या क्षेत्रातही एकच माणूस लिहितो, रचतो आणि मिक्सिंगही करतो असे वारंवार दिसते. वेगळा निर्माता ठेवण्याइतका पैसा तेथे अजून आलेला नाही.

भारतीय कॉपीराइट कायद्याने स्वरलेखन केले असो वा नसो, संगीत रचणाऱ्याला संगीतकार मानले आहे. म्हणजे बीटमेकर कायद्याच्या दृष्टीने संगीतकार ठरतो आणि ध्वनिमुद्रणाचा निर्माता मात्र पुढाकार व जबाबदारी घेणारा, म्हणजे बहुधा लेबल ठरते. २०१२च्या दुरुस्तीनंतर संगीतकाराला आपल्या रॉयल्टीचा हक्क कंपनीला कायमचा लिहून देता येत नाही. ती रॉयल्टी गोळा करण्याचे काम मुंबईस्थित इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी करते. त्यासाठी संगीतकाराने सभासद होऊन प्रत्येक रचना आपल्या हिश्शाच्या टक्केवारीसह नोंदवावी लागते आणि म्हणून बीट देतानाच रॅपर व निर्माता यांनी ती टक्केवारी लिहून दोघांच्या सह्या घेण्याची प्रथा आता येथेही पडू लागली आहे.