शब्दब्रह्म

शब्दब्रह्म : जगाचे मूळ तत्त्व शब्दस्वरूप आहे, असे मानणारी संस्कृत वैयाकरणांची संकल्पना. तिची पहिली सुसंगत मांडणी भर्तृहरीच्या वाक्यपदीय या ग्रंथात आढळते. पुढे काश्मीरचे शैव आचार्य, तंत्रमार्ग, योग व संगीतशास्त्र यांनी ती आपापल्या परीने स्वीकारली. स्फोट (ध्वनीमागचा न बदलणारा शब्द), प्रणव (ओंकार), नादब्रह्म (ब्रह्मरूप नाद) या संज्ञा मराठीत बऱ्याचदा सरमिसळ करून वापरल्या जातात; परंतु त्यांचे उगम निराळे आहेत. ‘आवाजातून विश्व निर्माण झाले’ असा या संकल्पनेचा सोपा अर्थ लावला जातो, तो मूळ ग्रंथांना धरून नाही. कानावर पडतो तो ध्वनी. शब्द त्याहून वेगळा.

ऋग्वेदात वाणीला देवतेचे स्थान आहे (१०.१२५). वाणीची चार पदे असून तीन गुहेत दडलेली आहेत, चौथे तेवढे माणसे बोलतात, असे दुसऱ्या एका ऋचेत म्हटले आहे (१.१६४.४५). परा, पश्यंती, मध्यमा व वैखरी या चार वाणी (अतिसूक्ष्म वाणीपासून प्रत्यक्ष उच्चारापर्यंतचे स्तर) येथेच सांगितल्या आहेत, हा समज उत्तरकालीन भाष्यांमुळे रूढ झाला. पतंजलीने पाणिनीच्या व्याकरणावरील महाभाष्याच्या आरंभी हीच ऋचा घेतली आहे, पण चार पदे म्हणजे नाम, आख्यात (क्रियापद), उपसर्ग व निपात (अव्यय) असा सरळ व्याकरणाचा अर्थ केला आहे.

स्फोटकल्पनेचा जनक कोण, याविषयी मतभेद आहेत. पाणिनीने ‘अवङ् स्फोटायनस्य’ (६.१.१२३) या सूत्रात स्फोटायन नावाच्या आचार्याचा निर्देश केला आहे. या नावाची फोड ‘स्फोट हेच ज्याचे अयन’ अशी करून पदमंजरीकार हरदत्ताने त्याला स्फोटवादी ठरविले. अठराव्या शतकातील नागेशभट्टानेही आपण स्फोटायन ऋषींचेच मत परिष्कृत करीत आहोत, असे म्हटले आहे. मात्र सूत्राचा विषय पाहिला, तर तो ‘गो’ शब्दाच्या संधीपुरता आहे : गो + अग्र यांचे ‘गवाग्र’ असे रूप कसे होते, एवढेच त्यात सांगितले आहे. स्फोट या सिद्धांताचा तेथे मागमूस नाही. केवळ नावाच्या व्युत्पत्तीवर उभी असलेली ही परंपरा इतिहास म्हणून स्वीकारणे कठीण आहे.

स्फोट ही संज्ञा तांत्रिक अर्थाने महाभाष्यात निश्चितपणे येते. स्फोट हा शब्द आणि ध्वनी हा त्याचा गुण, असे पतंजली म्हणतो व नगाऱ्याचा दाखला देतो. टिपरी पडते, तिचा नाद कधी वीस पावले जातो, कधी तीस, कधी चाळीस. स्फोट तेवढाच राहतो. वाढ होते ती ध्वनीमुळे. एकच पद कोणी भरभर उच्चारले, कोणी सावकाश, तरी ते पद बदलत नाही, हे त्याला दाखवायचे आहे. या टप्प्यावर विश्वोत्पत्तीचा प्रश्नच नाही.

भर्तृहरीचा काळ पूर्वी सातव्या शतकाचा मध्य असा धरीत. इत्सिंग या चिनी प्रवाशाने त्याच्या मृत्यूला चाळीस वर्षे झाल्याचे लिहिले आहे, हा त्याचा आधार. परंतु दिङ्नाग या बौद्ध तार्किकाच्या लेखनात वाक्यपदीयातील कारिका (सिद्धांत सांगणारे श्लोक) आढळल्याने ती कालगणना टिकत नाही. इ. स. पाचवे शतक, फार तर सहाव्याचा आरंभ, हा काळ आता अधिक ग्राह्य वाटतो. वाक्यपदीयाच्या पहिल्या कांडावरील वृत्ती (विवरण) खुद्द भर्तृहरीची की नाही, हा वाद मिटलेला नाही. के. ए. सुब्रह्मण्य अय्यर यांनी ती त्याचीच मानली, तर मादलेन बियार्दो यांनी ते नाकारले.

वाक्यपदीयाच्या पहिल्याच कारिकेत आदि-अंत नसलेले, अक्षर असे शब्दतत्त्व म्हणजेच ब्रह्म असून ते अर्थरूपाने विवर्त पावते, म्हणजे उलगडत जाते, व त्यातून जगाची प्रक्रिया चालते, असे म्हटले आहे. ‘विवर्त’ म्हणजे नंतरच्या अद्वैत वेदांतातील मिथ्या आभास, असे येथे गृहीत धरता येत नाही; कारण हे विश्व शब्दाचा ‘परिणाम’ आहे असे सांगणाऱ्या एका कारिकेतच पुढे ‘व्यवर्तत’ हे क्रियापद येते. दोन्ही शब्द त्या काळी जवळपास समानार्थी असावेत. टीकाकार मोराच्या अंड्याचा दृष्टांत देतात : आतल्या रसात पिसाऱ्याचे सगळे रंग असतात, पण वेगवेगळे दिसत नाहीत. या मताचे खरे बळ मात्र अनुभवाच्या विश्लेषणात आहे. शब्दाचा स्पर्श नसलेले ज्ञान जगात नाही, असे भर्तृहरीचे प्रतिपादन आहे. जग आपल्याला कळते तेच शब्दाने विणलेले असे.

भर्तृहरीने वाणी तीनच सांगितल्या; पश्यंती ही सर्वांत सूक्ष्म. काश्मीरी शैव आचार्य सोमानंदाने शिवदृष्टी या ग्रंथात यावर कडक टीका केली. शैवांनी परा ही चौथी वाणी त्यांच्याही पलीकडे मानली आणि पुढे नागेशाने तिला व्याकरणशास्त्रातही जागा दिली.

स्फोटवादाच्या विरोधकांत मीमांसक (वेदवाक्यांच्या अर्थाचा विचार करणारा) कुमारिल प्रमुख. वर्णांखेरीज वेगळा स्फोट मानण्याची गरज नाही, असे त्याचे म्हणणे. शंकराचार्यांनी उपवर्ष या जुन्या आचार्याचा हवाला देऊन हाच पक्ष घेतला. मंडनमिश्राने स्फोटसिद्धीत कुमारिलाला उत्तर दिले. बौद्ध शांतरक्षितानेही शब्दब्रह्माची स्वतंत्र परीक्षा केली आहे.

देवगिरीच्या यादवांच्या आश्रयाला असलेल्या शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात संगीतरत्नाकरात नादब्रह्माला वंदन केले. त्याने नादाचे आहत (आघाताने उठणारा) व अनाहत (आघाताविना असणारा) असे भेद मानले. गायनवादनात येतो तो आहत.

मराठीत ज्ञानेश्वरीच्या आरंभी अकार, उकार व मकार एकवटून ‘तेथें शब्दब्रह्म कवळलें’ असे गणेशरूपक येते. अमृतानुभवात मात्र ज्ञानदेव चारही वाणींचे ऋण फेडून ‘शब्दखंडन’ हे प्रकरण लिहितात. त्याची सुरुवात शब्दाच्या स्तुतीने होते : अमूर्ताला दाखविणारा शब्द हा आरसाच, आणि आरशात पाहणाऱ्याला दिसते यात नवल नाही, पण हा आरसा न पाहणाऱ्यालाही डोळस करतो. मग ते विचारतात की, जो स्वतःला कधी विसरलाच नाही, त्या आत्म्याला हा शब्द कशाची आठवण करून देणार?