कॅमेरामन हा धंदा कोल्हापुरात आला कुठनं?

आता डीओपी (डायरेक्टर ऑफ फोटोग्राफी, म्हणजे मुख्य कॅमेरामन) म्हणलं की लेन्स, लाइट, ग्रेडिंग (शूटिंगनंतर रंग जुळवणं) अशी भाषा सुरू होते, पण आपल्या गावात पहिल्या कॅमेरामनला आधी कॅमेराच तयार करावा लागला. आनंदराव आणि बाबूराव मेस्त्री हे दोघं नात्यातले भाऊ, नाटकांचे पडदे रंगवायचे, म्हणून नाव पेंटर पडलं. १९१३ ला फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला आणि ह्यांच्या डोक्यात सिनेमा शिरला तो शिरलाच. १९१६ ला आनंदराव वारले, कॅमेऱ्याचं काम अर्धवट, मग बाबूरावांनी सहकारी विष्णुपंत दामल्यांना हाताशी धरून १९१८ ला कॅमेरा पुरा केला आणि त्याच्यावरच 'सैरंध्री' काढला, १९२० ला. नाद खुळा म्हणतात तो हाच.

त्यावेळी कॅमेरामनची सगळी हुशारी मनगटात, कारण हँडल हातानं फिरवायचं आणि वेग जरा हलला की पडद्यावर माणसं एकदम पळायला लागणार किंवा रेंगाळणार. फिल्मला लाल रंग दिसायचाच नाही, लाल ते काळं यायचं, म्हणजे कुठला शालू, कुठला मेकअप हे सुद्धा कॅमेऱ्याचा हिशेब करूनच ठरवायचं, आणि इथं पेंटर असण्याचा फायदा झाला असणार असं मला तरी वाटतं. शूटिंग उन्हाच्या भरवशावर. १९२३ च्या 'सिंहगड'मध्ये बाबूरावांनी रात्रीच्या सीनसाठी कृत्रिम लाइट वापरले, तेव्हा कुठं लाइटिंग हा कॅमेरामनचा वेगळा अभ्यास झाला.

बाबूरावांच्याच महाराष्ट्र फिल्म कंपनीतले केशवराव धायबर. १९२९ ला शांताराम, दामले, फत्तेलाल, कुलकर्णी यांच्याबरोबर प्रभात फिल्म कंपनीचे भागीदार झाले, कॅमेरा सांभाळला, डायरेक्शन पण केलं. १९३२ च्या 'अयोध्येचा राजा'ला कॅमेरा त्यांचाच, आणि तो बोलपट, म्हणजे हँडलचा जमाना संपला, वेग मोटरनं एकसारखा ठेवायचा आणि वर कॅमेऱ्याची घरघर माइकमध्ये जाऊ द्यायची नाही.

१९३३ ला प्रभात पुण्याला गेली. पुढं १९३६ च्या 'संत तुकाराम'चं डायरेक्शन दामले-फत्तेलालांचं आणि कॅमेऱ्याला व्ही. अवधूत, म्हणजे एव्हाना कामं वाटली गेली होती, पेंटर आणि मेकॅनिक ही दोन्ही खाती कॅमेरामनच्या गळ्यातनं सुटली.