एटना की व्हेसुव्हियस?

इटलीतला ज्वालामुखी भडकल्याची चित्रफीत मोबाइलवर आली की तिच्याखाली 'पाँपेई गाडणारा डोंगर पुन्हा जागा झाला' अशी ओळ अनेकदा वाचायला मिळते. चित्रफितीतला डोंगर मात्र बहुतेक वेळा एटना असतो आणि पाँपेईशी एटनाचा काडीचाही संबंध नाही. इ.स. ७९ मध्ये पाँपेई आणि हर्क्युलेनियम ही नगरे गाडली ती नेपल्सजवळच्या व्हेसुव्हियसने. एटना तिथून बराच दक्षिणेला, सिसिली बेटावर, कातानिया शहराच्या उशाशी उभा आहे.

एटना ३,३०० मीटरहून उंच आहे, तर व्हेसुव्हियस अवघा १,२८१ मीटरचा, म्हणजे आपल्या कळसूबाईपेक्षाही ठेंगणा. पण उंचीपेक्षा महत्त्वाचा आहे तो पोटातला शिलारस. एटनाचा शिलारस मुख्यतः बेसॉल्टचा, सह्याद्रीच्या काळ्या पाषाणाच्या कुळातला. तो पातळ असल्याने त्यातले वायू तुलनेने सहज सुटतात आणि तोंड उघडे असल्याने डोंगर वरचेवर, पण बहुधा बेताने, धुमसत राहतो. त्याच्या उतरणीवरचा लाव्हा सहसा इतका सावकाश सरकतो की घरेदारे गेली तरी माणसांना निघून जाता येते. १९२८ मध्ये मास्काली हे गाव असेच लाव्ह्याखाली गेले. १६६९ मध्ये लाव्हा थेट कातानियापर्यंत पोहोचला होता. त्याच शहराच्या मुख्य चौकात आज काळ्या लाव्हा-दगडाचा हत्ती उभा आहे. छपरांवर आणि रस्त्यांवर पडलेली काळी राख झाडून काढणे हे तिथल्या लोकांच्या अंगवळणी पडलेले काम आहे.

व्हेसुव्हियसची गोष्ट निराळी आहे. मार्च १९४४ च्या उद्रेकानंतर त्याचे तोंड बंद झाले आणि तेव्हापासून तो शांत आहे. मात्र माझ्या मते भय बाळगावे ते याच डोंगराचे. त्याच्या मोठ्या उद्रेकांतला शिलारस चिकट आणि वायूंनी भरलेला असतो, त्यामुळे दाब साचत जातो आणि एकदम फुटतो. धाकटा प्लिनी या रोमन लेखकाने ७९ सालचा उद्रेक खाडीपलीकडून पाहिला आणि आकाशात चढलेल्या ढगाला छत्रीसारख्या पाइन वृक्षाची उपमा दिली. असा ढग कोसळला की तप्त राख आणि वायूंचा लोट उतारावरून इतक्या वेगाने धावतो की त्याच्यापुढे पळून कोणी वाचत नाही. म्हणूनच पायथ्याच्या धोकाक्षेत्रातल्या सुमारे सात लाख लोकांना हलवण्याची सरकारी योजना उद्रेक सुरू होण्याआधीच्या ७२ तासांचा हिशेब धरून आखलेली आहे.